सुकन्येच्या तीन ऑर्किडांची व्यवस्था

मी, शिवप्रसाद गुरुलिंग खानापुरे, वय ६८, पाटबंधारे खात्यातील निवृत्त लिपिक, राहणार लातूर, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने व मर्जीने लिहीत आहे. बुद्धी शाबूत आहे. छातीची खात्री नाही. येत्या सोमवारी हैदराबादला हृदयाचे ऑपरेशन आहे. डॉक्टर काळजी करू नका म्हणाले, तेव्हापासून काळजी वाढली आहे.

१. राहते घर व बँकेतील ठेव चिरंजीव सत्यम यास. तो पुण्यात असतो, घर विकेल. माझी हरकत नाही.

२. माझी मयत पत्नी सुकन्या हिचे दागिने सून मंजुश्री हिला. पाटल्यांबद्दल तिने एकदा विचारले होते, तेव्हा मला ऐकू आले नाही असे मी दाखवले. ऐकू आले होते.

३. मित्र वीरण्णा यांना साक्षीदार करायचे असल्याने काही देता येत नाही. त्यांनी मनावर घेऊ नये.

४. सुकन्येने सात ऑर्किड वाढवले. तीन उरले आहेत. त्यांना मातीत लावू नये, सालीचे तुकडे व कोळसाच हवा. बोअरचे पाणी क्षाराचे आहे, ते घालू नये. पावसाचे किंवा फिल्टरचे घालावे. आठ दिवसांतून एकदा कुंडी दहा मिनिटे पाण्यात बुडवावी, मग पूर्ण निथळू द्यावी. मुळे पांढरट दिसली तर तहान आहे, हिरवी असली तर हात लावू नये. सकाळचे कोवळे ऊन चालते, त्यानंतरचे नाही. उन्हाळ्यात ओल्या खड्यांच्या ताटलीवर ठेवावे. फुले गळाली म्हणजे झाड मेले असे समजून कोणी फेकू नये. हे दोनदा वाचावे.

५. मागच्या वर्षी जुलैत सुकन्या गेली. मला एकट्याला जमेना म्हणून थोरल्या भगिनी नीलाबाई उदगीरहून येऊन वर्षभर राहिल्या. लिंगपूजेचे पाणी पायदळी जाऊ नये म्हणून त्या ते या कुंड्यांत ओतीत. वर्षभरात तीन झाडे कुजली. पहिल्या पुण्यस्मरणाला, पंगत बसलेली असताना, मी सर्वांसमोर म्हणालो, "अक्का, तुमच्या पाण्यानं तिची झाडं मारली."

"अरे शिवा, देवाचं पाणी हाय ते. त्यानं कुठं झाड मरतंय?" एवढेच त्या बोलल्या. संध्याकाळच्या बसने गेल्या. नंतर त्यांचा फोन नाही, माझाही नाही.

सप्टेंबरात चौथे झाड मेले. तेव्हा घरात पूजेचे पाणी ओतणारे कोणी नव्हते. कुंडी उपसली तर मुळे तपकिरी, लिबलिबीत. सुकन्या गेल्यापासून रोज सकाळी मीच पाणी घालत होतो. घातल्याशिवाय चैन पडत नसे. अक्कांचे पाणी वाटीभर, माझे तांब्याभर.

६. सबब उरलेली तीन झाडे नीलाबाईंना द्यावीत. माझ्या मृत्यूनंतर कलम ५ त्यांना वाचून दाखवावे व मी माफी मागितली आहे असे सांगावे.

एवढे लिहून सहीसाठी वीरण्णांकडे नेले. त्यांनी वाचले आणि पेनाला टोपण लावले.

"मेल्यावर माफी मागायलास का?"

"समोर गेलो अन् दार लावून घेतलं तर?"

"मग लावलेल्या दाराशी बस. तिथं करतो सही, इथं न्हाई."

म्हणून आज सकाळच्या बसने उदगीरला आलो. दोन कुंड्या माझ्या मांडीवर, एक वीरण्णांच्या. वाटेत एक कळी गळली. अक्कांनी दार उघडले. पाठ केलेले वाक्य मला आठवेना. त्या कुंड्यांकडे बघत राहिल्या.

"उन्हात काय उभा राहिलास? आण आत," म्हणाल्या. मग, "पाणी किती घालायचं, ते लिहून दे. पुन्हा माझ्यावर नको."

सबब कलम ६ रद्द. झाडे हयातीतच दिली. माफीही मागितली, आठवेल तशी. कलम ४ ची नक्कल त्यांच्या भिंतीवर चिकटवली आहे.

लिहून ठेवणार: शिवप्रसाद गुरुलिंग खानापुरे (सही)

साक्षीदार:
१. वीरण्णा बसप्पा हालकुडे, लातूर (सही)
२. महांतेश शरणप्पा बिरादार, नीलाबाईंचे शेजारी (सही)

स्थळ: उदगीर, नीलाबाईंची ओसरी
दिनांक: १९ नोव्हेंबर २०२४