ओवसा आणि जामीन

२१ ऑगस्ट १९८४
दौलतने जामिनाचा अर्ज टाकला. अजून पकडला कुठे — तरी जामीन! अटकपूर्व म्हणे. पोलिसांनी हात लावायच्या आधीच कोर्टाकडून सुटका. सासूनेही टाकलाय. तापलेलं उलथनं माझ्या दंडाला टेकण्यापूर्वी मलाही असं कुठे जाता आलं असतं तर बरं झालं असतं.

नवऱ्याचं नाव पूर्वी फक्त उखाण्यात घ्यायचे. आता तक्रारीत घेतलं. अजिबात जड गेलं नाही.

२५ ऑगस्ट
काळाचौकीला आईकडेच आहे. दादाची गिरणी गेली तशी दौलतचीही. दादा दिवसभर खोलीत बसून कौसल्या वहिनीवर खेकसतो. ती बिचारी उलट बोलत नाही.

माझं लग्न लागलं त्याच आठवड्यात संप झाला. म्हणून मी पांढऱ्या पायाची. सासू लालबागच्या अख्ख्या चाळीत सांगायची, "ही उंबरा ओलांडून आली नि भोंगा थांबला." एवढी ताकद माझ्यात असती तर आधी सासूचं तोंड थांबवलं असतं.

३१ ऑगस्ट
आईने नवीनच काढलंय — पहिला ओवसा! यंदा गवर पूर्वा नक्षत्रात येतेय. असा योग आला की नव्या सुनेने माहेरची सुपं घेऊन सासरच्या गौरीपुढे ओवसायचं, म्हणजे फळा-वाणांनी भरलेली ती सुपं तिला ओवाळायची. लग्नानंतर पहिल्यांदाच योग आलाय, पुन्हा कधी येईल सांगता येत नाही.

मी म्हटलं, ज्या घरात मला डागलं तिथे सुपं नेऊ?

"घराक नको, देवीक ने. गवर काय कोर्टात बसलेली नाय. कोर्टाचा काय ता मागसून बघू."

दादा म्हणाला, "चाळीत आम्हाला तोंड दाखवायचंय."

४ सप्टेंबर
गेले. वहिनी सोबत होती. सासूने गोड हसून ओटी भरली. शेजारणी दाटीवाटीने बघत होत्या. एक सूप नवऱ्याच्या हातात देऊन पाया पडायचं असतं. पडले. ब्लाउजच्या बाहीखाली दंड चुरचुरत होता. बाहेर आल्यावर जिन्यातच रडू फुटलं.

११ सप्टेंबर
कोर्ट. दौलतचा वकील उभा राहिला. "जिला जिवाची भीती आहे, ती बाई आठवड्यापूर्वी सुपं घेऊन सासरी जाते? नवऱ्याच्या पाया पडते?" शेजारणींची प्रतिज्ञापत्रंही जोडली होती. सरकारी वकिलाने मला हळूच विचारलं, "ओवसा म्हणजे काय हो?" तो काय कपाळ लढणार माझ्यासाठी!

जामीन मंजूर. दोघांनाही. दर सोमवारी पोलीस स्टेशनात हजेरी द्यायची आणि मला धमकावायचं नाही. बाहेर सासूने पेढा पुढे केला.

१२ सप्टेंबर
आईची चीड येते. गवरीचीही येते. सगळ्यात जास्त माझी.

२० सप्टेंबर
दादा म्हणतो, "कोर्टालाच काही वाटलं नाही, मग तू कशाला अडून बसलीस? जा आता घरी." मी सांगितलं, जामीन झाला म्हणजे खटला संपला नाही. परत गेले तर तो मला जिवंत ठेवायचा नाही. आई तांदूळ निवडत बसली.

वहिनी पहिल्यांदाच मध्ये बोलली. "राहू द्यात ना त्यांना इथे."

दादाने तिच्या कानशिलात दिली. तिने आधीच मान फिरवली होती. त्यावरून कळलं मला, ही पहिली नव्हे. एवढे दिवस मी याच घरात होते, आणि माझंच दुःख उगाळत बसले होते.

२३ सप्टेंबर
दादाने विचारलं, कधी निघतेस? मी वहिनीसोबत भांडी घासायला बसले.

२७ सप्टेंबर
दादाने वहिनीचा हात मोडला. आधी इस्पितळ, मग पोलीस स्टेशन. मी सोबत गेले. जे पाहिलं ते सगळं सांगितलं. दादाचं नाव घेणं मात्र जड गेलं.

घरी आले. दादा भिंतीला टेकून बसलेला. आईने मला पाणी दिलं, पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाली, "तो दौलतचो वकील खंय बसता गो? माणूस हुशार हा."