मंगलकाकूंच्या लग्नाची कॅसेट

४ जानेवारी २०२५, सांगली

सापडला! माझ्या डॉक्युमेंटरी फिल्मचा शेवट सापडला. विट्याच्या मंगलकाकूंच्या लग्नाची कॅसेट, १९९४ची. नवरा अमृत मदुराईला सोनं गाळायच्या दुकानात, सणासुदीला तेवढा घरी यायचा. तिकडंच वारला, घरोघरी मोबाइल यायच्या आधी. म्हणजे त्याचा आवाज कुठंच नाही.

कॅसेटच्या शेवटी नणंद दार अडवते. नाव घ्या! अमृतचे ओठ हलतात. मग तो वाकून काकूंच्या कानाशी काहीतरी बोलतो. आणि ऐकू काय येतं? सिनेमाचं गाणं! पडद्यावर लाल बदाम उडतायत. शूटिंगवाल्यानं अख्ख्या लग्नावर गाणी चढवलीत, तेव्हाची पद्धतच ती.

काय म्हणाले हो, विचारलं. काकू म्हणाल्या, "कुणाला ठावं! लाजंनं कानच बंद पडलं हुतं. आता तर आवाज बी आठवंना झालाय गं."

त्या गाण्याचे हक्क मला या जन्मी मिळणार नाहीत. गाणं जाणार, अमृतचा आवाज येणार. मी आणणार!

७ जानेवारी

आमचा एडिटर देवदत्त म्हणतो, गाणी चढवायच्या आधीची मूळ कॅसेट आता कुठली असायला? याला नन्नाचा पाढाच येतो.

१२ जानेवारी

तासगाव. शूटिंगवाले गंगाधरकाका हल्ली बेदाण्याच्या धंद्यात. मूळ कॅसेट निघाली — पण तिच्यावर दुसऱ्याच कुणाचं लग्न घेतलेलं! कपाळाला हात लावला. काका म्हणाले, शेवटपर्यंत बघ की. ते लग्न आखूड निघालं, आणि त्याच्यामागं मंगल-अमृतचं दार शाबूत. देव पावला!

१३ जानेवारी

देवदत्तनं कॅसेट कॉम्प्युटरवर घेतली. मी त्याला स्पीकर बंद ठेवायला लावला. काकू पहिल्यांदा ऐकतील त्या कॅमेऱ्यासमोर, आणि मीही तेव्हाच. हा सीन बघून लोक रडले नाहीत तर नाव बदलीन.

१८ जानेवारी, विटा

काकू ठेवणीतली साडी नेसून बसल्या. हेडफोन लावला, कॅमेरा सुरू. ऐकलं. तोंडाला पदर लावून हसल्या. पुन्हा लाव म्हणाल्या. परत पुन्हा. असा चेहरा मी आजवर शूट केलेला नाही.

मग हेडफोन घ्यायला मी हात पुढं केला, तर त्यांनी तो कानावर दाबून धरला.

"न्हाई गं. त्यानं मला सांगितल्यालं येवढं एकच माज्यापाशी ऱ्हायलंय. त्ये लोकास्नी कशाला?"

लय समजावलं. सगळी फिल्म या एका आवाजासाठी उभी आहे म्हटलं. काकू ढिम्म. चिडून निघाले, चहासुद्धा घेतला नाही.

१९ जानेवारी

फाइल माझ्याच हार्ड डिस्कवर आहे. ऐकली तर काकूंना कळणारही नाही.

२३ जानेवारी, विटा

कॅसेट काकूंच्या हातात दिली. माझ्याकडच्या फाइलचा आवाज कालच पुसला. फिल्मच्या शेवटी नुसते ओठ हलतात आणि काकू हसतात. गाणं नाही, काही नाही. आज चहा घेतला. तो काय म्हणाला, मला माहीत नाही.