पाणी ओर्तिएलकडेच येत होतं

३ मे, रविवार

डॉक्टरीणबाईंनी वही दिली. रोज सकाळी रक्तदाब मोजून लिही म्हणाल्या. यंत्र बिघडलेलं आहे, भलताच मोठा आकडा दाखवतं. म्हणून मला पटेल तो आकडा लिहून टाकते आणि उरलेल्या पानावर हे.

फेर्मीनचा फोन. माझा मुलगा. वॅलेन्सियाला राहतो, चौथ्या मजल्यावर, जिथे खिडकी उघडली की दुसऱ्याचं स्वयंपाकघर दिसतं. सोळा तारखेला बाळाला घेऊन येतोय म्हणाला. नोएलिया, म्हणजे सूनबाई, तीही येणार. यायलाच हवी, बाळ तिच्याच दुधावर आहे.

नातीचं नाव लूना ठेवलंय. ओर्तिएलमध्ये लूना नावाच्या तीन जणी आहेत, तिघी मेंढ्या राखतात आणि पाहुण्यांवर भुंकतात. सरकारी कचेरीत नाव लिहून झालं, तिथे माझा इलाज नाही. पण बाप्तिस्मा अजून राहिलाय. तिथे पाद्र्याच्या तोंडून ओब्दूलिया निघालं की विषय संपला. ओब्दूलिया माझं नाव. त्याला भारदस्तपणा आहे.

आणि बाप्तिस्मा ओर्तिएलच्या चर्चमध्येच होणार. विहीणबाई बेनिल्देचं गाव बेलार्का, डोंगराच्या पलीकडे. तिथली घंटा तडकलेली आहे. वाजली की कुणीतरी पातेलं पाडल्यासारखं वाटतं.

संकल्प: विहिणीशी गोड बोलायचं.

५ मे, मंगळवार

बेकरीच्या दारावर कागद लागलाय. सोळा तारखेला जुन्या पाण्याच्या पुलापर्यंत पायी सहल, गाइडसह, दोन्ही गावांसाठी. गाइड किनाऱ्याकडचा. आमच्याच डोंगरात आम्हालाच वाट दाखवायला समुद्रावरून माणूस आणलाय. उद्या मासे कसे पोहतात ते मी त्यांना शिकवायला जाते.

बेकरीवाली म्हणाली, ओब्दूलिया, तू जाऊ नकोस, चढ आहे. मी म्हटलं, मी त्या पुलावर लहानपणी शेळ्या नेल्यात. खरं म्हणजे शेळ्या माझा भाऊ न्यायचा. पण शेळ्या आमच्या होत्या.

हा पूल आमच्या आणि बेलार्काच्या बरोब्बर मधे, दरीवर, माणसांसाठी नव्हे, माथ्यावरच्या दगडी पाटातून पाणी न्यायला. मूरांनी, म्हणजे पूर्वी इथे राज्य करणाऱ्या मुसलमानांनी बांधलेला. वडील सांगायचे. आता कागदावर रोमन लिहिलंय. दर काही वर्षांनी यांचं काहीतरी नवीन निघतं.

पाणी कुठे जायचं हा मात्र जुना वाद. आम्ही म्हणतो ओर्तिएलला. बेलार्कावाले म्हणतात बेलार्काला. आंघोळीचा आणि त्यांचा संबंध काय, एवढाच माझा प्रश्न.

८ मे, शुक्रवार

विहिणीला फोन केला. गोड बोलले. तब्येत विचारली, गुडघे विचारले, कोंबड्या विचारल्या. मग बाप्तिस्म्याचं काढलं. ती म्हणाली, तू कशाला जिवाला लावून घेतेस, देवाला सगळी गावं सारखी. बेलार्कात राहून माणूस असं म्हणणारच, दुसरं काय म्हणेल.

मग मी डाव टाकला. म्हटलं, सोळाला पुलावर जाऊ. पाणी ज्या गावाकडे वाहायचं त्या गावात पोरीचा बाप्तिस्मा. मी सगळ्यांसमोर सिद्ध करून दाखवते. वाटलं होतं भांडेल. पण ती म्हणाली, बरं ओब्दूलिया, तुझं तसं तर तसं. इतकी मऊ. मागे कोंबड्यांचा आवाज येत होता, त्यांच्यातसुद्धा जास्त दम होता.

घाबरली. तिला ठाऊक आहे पाणी कुठे जायचं ते.

१० मे, रविवार

सराव सुरू. चालत दफनभूमीपर्यंत. पास्कुआलच्या थडग्याशी थोडा वेळ बसले. नवऱ्याजवळ बसणं म्हणजे थांबणं नव्हे, ते कर्तव्य आहे. परत येताना मेयरच्या मेहुण्याची गाडी चालली होती, त्याचा अपमान नको म्हणून बसले.

संकल्प: उद्यापासून दोनदा.

१३ मे, बुधवार

पाऊस. (थेंब होते, पण मोठे होते.) सराव घरातच केला. जिना आहे.

युक्ती मात्र झकास सुचली. पुलावरच्या दगडी पाटात पाणी ओतलं तर धुळीत मुरेल, कुणाला दिसायचं नाही. म्हणून लाल वाइन. पास्कुआलची चामड्याची पिशवी भरून नेते. लाल रेघ ओर्तिएलकडे सरसर येईल आणि विहिणीला मान्य करावंच लागेल. शहरातून शिकून आलेल्यांना हे सुचणार नाही. त्यांना मोबाइल लागतो.

स्वयंपाकघरातल्या टेबलावर करून पाहिलं. वाइन बरोब्बर ओर्तिएलच्या दिशेने गेली. म्हणजे खिडकीकडे. टेबलक्लॉथ गेला.

१५ मे, शुक्रवार

फेर्मीन, नोएलिया, बाळ रात्री आले. फेर्मीननं माझ्यासाठी चढणीचे बूट आणलेत. दिसायला ट्रॅक्टरची चाकं. कपाटात ठेवले. माझे कापडी बूट आहेत, सुतळीच्या तळव्यांचे. माझी आई त्यांतच जगली आणि त्यांतच मेली.

पोरगी माझ्यावर गेलीय. झोपेतसुद्धा तिला कुणाचं तरी चुकलेलं दिसतं, असा चेहरा.

पैजेचं सांगितलं. नोएलियानं फेर्मीनकडे पाहिलं, फेर्मीननं जमिनीकडे. दोघांचे डोळे भरून आले असणार. नोएलिया म्हणाली, आई, बाप्तिस्म्याचं आपण नंतर निवांत बोलू. मी म्हटलं, बोलायचं काय त्यात, उद्या वाइन बोलेल.

१६ मे, शनिवार, सकाळ

निघालो, फेर्मीन, नोएलिया, तिच्या छातीशी बांधलेली पोरगी आणि मी. आधी कॉफी, मग थोडं सॉसेज, चढ आहे म्हणून. रक्तदाब उत्तम.

१६ मे, रात्र

पाय मिठाच्या पाण्यात. आता सगळं जसं घडलं तसं लिहिते.

गाइडचं नाव अर्नाऊ. दाढी पुरुषाची, अंबाडा बायकांचा. माझ्या आजीचा अंबाडा असाच होता, पण तिला तो शोभायचा. बाकीची मंडळी म्हणजे पोपटाच्या रंगाचे सदरे आणि हातात दोन दोन काठ्या. पाय शाबूत असताना. खायला लाकडासारख्या वड्या, चांदीच्या कागदात. पाव आणि बटाट्याचं ऑम्लेट कुणी नाही आणलं. विहिणीनं आणलं होतं, पण बेलार्काचं ऑम्लेट. कांदा नसतो त्यात.

चढावर मी मुद्दाम सगळ्यांच्या मागे राहिले, कुणी हरवू नये म्हणून. मधे मधे बसत होते ते पाठीमागची वाट तपासायला. अर्नाऊ तीनतीनदा खाली येऊन विचारायचा, आजी, काही त्रास होतोय का. मी म्हटलं, मला नाही होत, तुला होतोय वाटतं, सारखा वर-खाली करतोयस. तरी त्यानं आपली एक काठी मला दिली. त्याला जड झाली असेल म्हणून घेतली.

पुढे विहीण चालली होती. खाली बघत, हात मागे बांधून, मेंढपाळासारखी. एकदाही बसली नाही. अशा माणसाला निसर्गाची आवड नसते.

पूल आला. तीन कमानी, खाली दरी, पलीकडे डोंगर कापून काढलेली वाट. चांगला आहे. मूरांचं काम असंच. अर्नाऊनं रोमन लोकांचं पुराण लावलं. किती माप, किती उतार, एवढ्या लांबीत हाताच्या एका वितीएवढा उतार, म्हणून साध्या डोळ्याला कळत नाही. मग म्हणाला, पाणी नक्की कोणत्या गावाला जायचं यावर अजून एकमत नाही.

ही माझी वेळ. पुढे झाले. म्हटलं, एकमत आत्ता होईल. सगळ्यांना पैज समजावून सांगितली. पोपटांनी मोबाइल काढले. अर्नाऊ म्हणाला, आजी, पाटात उतरू नका, तो दोन हजार वर्षांचा आहे. मी म्हटलं, मी काय काल जन्मले? आणि उतरले. म्हणजे दोघांनी धरून उतरवलं.

पिशवी दाबली. चांगली घसघशीत धार. लाल डबकं झालं आणि तिथेच थांबलं, दोन्हीकडे बघत बसल्यासारखं. मी म्हटलं, येतंय, ओर्तिएलकडे येतंय. अजून ओतलं. मग त्यानं जीभ बाहेर काढली आणि निघालं.

बेलार्काकडे.

सगळी पिशवी रिकामी केली. सगळीच्या सगळी वाइन बेलार्काकडे गेली. शेवटी शेवटी धावत गेली. पोपटांनी टाळ्या वाजवल्या, कशासाठी ते त्यांनाही माहीत नसेल. विहीण कमानीखालच्या सावलीत डोक्यावरचा रुमाल नीट करत होती. याला म्हणतात उद्धटपणा.

कारणं उघड आहेत. एक, भूकंप. माझ्या लहानपणी झाला होता, डोंगर तेव्हाच कलला. दोन, वाइन बेलार्काच्या दुकानातून आणलेली, ती घरीच जाणार. तीन, अर्नाऊ ज्या बाजूला उभा होता तिकडे पाट दबला असणार, अंबाड्याचं वजन काही कमी नाही.

पण शब्द म्हणजे शब्द. जेवायला बसलो तेव्हा सगळ्यांसमोर म्हटलं, ठीक आहे, बाप्तिस्मा बेलार्कात. तडकलेल्या घंटेखाली. आणि हातातला पाव परत ठेवला. पाव वाळलेला होता.

तेव्हा नोएलियानं सांगून टाकलं. आई, बाप्तिस्मा कुठेच नाही. आम्ही दोघांनी ठरवलंय. ती मोठी झाली की तिचं ती ठरवेल.

मी फेर्मीनकडे पाहिलं. तो म्हणाला, हो आई. वाटेतच सांगणार होतो, पण तू खूप मागे होतीस.

म्हणे तिचं ती ठरवेल. उद्या दूध प्यायचं की नाही हेही तीच ठरवेल. विहिणीकडे पाहिलं, म्हटलं आता तरी ही बोलेल, हिची मुलगी आहे. तर विहीण ऑम्लेट कापत होती. समसमान तुकडे. म्हणाली, नोएलिया, तुझं तसं तर तसं. हिला धर्मच नाही. कोंबड्या आहेत, धर्म नाही.

उतरताना फेर्मीननं मला पाठीवर घेतलं होतं, थोडा वेळ. त्याची हौस.

१७ मे, रविवार

रात्रभर विचार केला. नीट पाहिलं तर मी हरलेली नाही. बाप्तिस्माच नाही म्हणजे बेलार्कातही नाही. पैज रद्द.

आणि पोरगी तशीच कोरी राहणार असेल तर उपाय आहे. आमच्याकडच्या आज्यांनी कायम केलाय. आई-बाप घराबाहेर गेले, पोर नळाखाली, चार थेंब डोक्यावर, चार शब्द, झालं. देवाच्या वहीत नाव चढलं, आणि सरकारी वहीवाल्यांना पत्ता नाही. नळाचं पाणी मात्र मी वापरणार नाही. ओर्तिएलच्या कारंज्याचं नेईन. पाणी गेलं ना बेलार्काला? आता येऊ दे ओर्तिएलचं थेट डोक्यावर.

फेर्मीनला सांगितलं, मी पुढच्या महिन्यात येते, बाळ सांभाळायला. त्याला भरून आलं. मला म्हणाला, आई, तू रागावली नाहीस? मी म्हटलं, रागावण्यासारखं आहे काय.

संकल्प: विहिणीला यातलं काही कळू द्यायचं नाही.

११ जून, गुरुवार. वॅलेन्सिया

चौथा मजला. लिफ्टमध्ये माणसं एकमेकांकडे बघत नाहीत, आपल्या पायांकडे बघतात. पायांत बघण्यासारखं काही नाही. पाण्याची मोठी बाटली बॅगेत, स्वेटरमध्ये गुंडाळून आणली. उद्या दोघं कामावर जाणार. पोरगी आणि मी.

उद्या या वेळेला ती ओब्दूलिया असेल.

१२ जून, शुक्रवार

दोघं गेले. दार लावलं, साखळी घातली. पोरीला दूध पाजून झालं होतं, चांगल्या मनःस्थितीत होती. टॉवेल, बाटली, बशी. तिला डाव्या हातावर आडवी घेतली. आणि शब्द आठवेनात. ‘पित्याच्या नावाने’ इथपासून पुढचे येतात, ते सगळ्यांनाच येतात. आधीचे येईनात. मी तुला, आणि मग काय? मी तुला धुते? मी तुला देते? चुकीचा शब्द गेला तर पोरगी भलत्याच कुणाच्या तरी नावावर चढायची.

ओर्तिएलमध्ये कुणाला विचारावं तर गावभर होणार. विहिणीखेरीज कुणाला विचारणार. विचारते म्हणजे मदत मागते असं नाही, माहिती काढते.

फोन केला. म्हटलं, बेनिल्दे, सहज विचारते, एका ओळखीच्या बाईसाठी. ती बाप्तिस्म्याचे शब्द विसरलीय.

तिकडे कोंबड्या. मग विहीण म्हणाली, ओब्दूलिया, पाणी वाया घालवू नकोस. दोनदा चालत नाही.

मी म्हटलं, दोनदा काय?

म्हणाली, मी केलाय. जन्मल्यावर दुसऱ्याच आठवड्यात. नोएलिया झोपली होती, फेर्मीन गाडी लावायला खाली गेला होता, त्या शहरात गाडी लावायला वेळ लागतो. सिंकमध्ये केला. आमच्या कारंज्याचं पाणी नेलं होतं, औषधाच्या बाटलीत.

म्हणजे फेब्रुवारीपासून. म्हणजे मी फोनवर गुडघे विचारत होते तेव्हा, दफनभूमीपर्यंत चालत होते तेव्हा, पाटात उतरले तेव्हासुद्धा. ती कमानीखाली उभी राहून रुमाल नीट करत होती आणि पोरगी चार महिने आधीच, नाही, तीन, बेलार्काची होती.

म्हटलं, मग पैजेला हो कशाला म्हणालीस. तर म्हणाली, तुला फार हौस होती.

नाव काय ठेवलंस, असं मी विचारलं नव्हतं. तिनंच सांगितलं. बेनिल्दे.

फोन ठेवला. पोरगी माझ्याकडे बघत होती. टॉवेलमध्ये गुंडाळलेली, नाकावर एक थेंबही नाही. माझ्यावर गेलीय हे मी परत तपासून पाहिलं. हनुवटी विहिणीची आहे. आधी उजेड नीट नव्हता.

बाटली तशीच राहिली होती. त्या पाण्यात चणे भिजत घातले, संध्याकाळी शिजवले. लोण्यासारखे मऊ झाले. बेलार्काच्या पाण्यात चणे शिजतच नाहीत, दगडच राहतात. नोएलियानं दोनदा वाढून घेतलं.