सुटलेला धागा

३ फेब्रुवारी १९८३
लालबाग सोडून गिरगावात धाकट्या बहिणीकडे, सुभद्राकडे, राहायला आलो. भावोजी बोटीवर असतात, तेव्हा तिला सोबत आणि मला आसरा. संपाला वर्ष उलटलं. पंधरा वर्षं गिरणीत चार साचे चालवून कापड विणणारा हा गुणाजी उद्यापासून चर्नी रोडच्या लॉजवर चादरी बदलणार! हसू येतं. सुभद्राची तान्ही लती माझं बोट सोडत नाही. धागे तोडून तोडून झिजलेले माझे पुढचे दात बघून ती खुदकन हसते. तिला घेतलं की मी गिरणीसुद्धा विसरतो.

९ फेब्रुवारी
लॉजवरच्या गोऱ्या पाहुण्याने जाताना नखाएवढा रंगीत कागद दिला. जिभेवर ठेव, चिंता पळतील, असं खुणांनी सांगितलं. रिकामा न्हावी भिंतीला तुंबड्या लावी, तसा मी, ठेवला. काय सांगू! भिंतीवर माझे साचे सुरू झाले, ताणाबाणा नुसता झळकत होता. आनंदाने रडलो.

१५ फेब्रुवारी
सहा दिवस झाले, साचे थांबत नाहीत. चादरीत, भातात, माणसांच्या तोंडांवर विणकाम चालूच. धागा सुटलेला दिसला की हात आपोआप तिकडे जातो. आज एका गिऱ्हाइकाच्या गालावर गेला. मालक ओरडले.

१८ फेब्रुवारी
नाक्यावरच्या डॉक्टरांना कागदाचं सांगितलं. म्हणाले, अशा औषधाने मेंदूची चाळण ढिली होते. खरं कुठलं, मनातलं कुठलं, ते निवडता येत नाही. बहुतेकांचं ताळ्यावर येतं, काहींचं येत नाही, त्यातून घराण्यात वेड असेल तर जपायला हवं. कुणाला होतं का, विचारलं. नाही म्हणालो. गावी थोरल्या काकांना खांबाला बांधून ठेवायचे.
बहिणीला सगळं सांगा, असं त्यांनी बजावलं. पण सांगितलं तर ती लतीला माझ्याकडे देणार नाही.

२२ फेब्रुवारी
लतीच्या गळ्यावर धागा सुटलाय. बारीक, पांढरा. तो नाही, हे मला कळतं. तरी दिसतो. घरातली कात्री शेजारच्या राधाबाईंकडे ठेवून आलो. माझ्याच हातांची भीती वाटते.

२४ फेब्रुवारी
धागा लांबला. असाच राहिला तर उसवत जाईल— सगळी लतीच—
उद्या सुभद्राला सांगायचं. नक्की.

२५ फेब्रुवारी
नाही सांगितलं. सुभद्रा आत्ताच घागर घेऊन गेली. "दादा, चेडवाक बघ रे, मी पाणी भरून येतंय."
लती मांडीवर. माझ्या दातांकडे बघून हसते आहे. धागा हाताशी आलाय— कात्री घरात नाही, बरं केलं—
पण साच्यावर कात्री कोण शोधत बसायचं— आम्ही तर दातांनीच—