उरलेले सात हात

ती. दादास धाकट्याचा साष्टांग नमस्कार.

तुझं पत्र पोचलं. वहिनीचा गुडघा आता कसा आहे? छोटीला दात आले का? इकडे आम्ही सगळे खुशाल आहोत. (हे घरी चुलीपाशी बसून लिहितोय म्हणून लिहिता येतं. बोगद्यात बोललो असतो तर छत डोक्यावर आलं असतं.) आई जेवते, म्हणजे ताटावर बसते. एरवी दिवसभर आबांचा धुतलेला सदरा मांडीवर घेऊन बोगद्याच्या तोंडाशी असते. दहा आठवडे झाले, आबा अजून आतच आहेत, आणि त्यांना बाहेर काढण्याच्या खटपटीतच तुला उत्तर लिहायचं राहिलं.

वहिनी खाणीतली नाही, तेव्हा पत्र वाचून दाखवताना तिला एवढं सांग. आमच्या खडकापुढे कुदळ चालत नाही, सुरुंग चालत नाही. त्याच्यासमोर उभं राहून खरं बोललं की तो मऊ पडतो आणि दिव्यात घालायचे उजेडाचे खडे हाताने वेचता येतात. मात्र ते खरं बोलणाऱ्याला जड गेलं पाहिजे, आणि एक खरं एकदाच चालतं. (सूर्य पूर्वेला उगवतो असं सांगून भागत नाही. नवी माणसं पहिल्या दिवशी तेच करून बघतात.) खोटं बोललं की खडक मिटतो. म्हणून आत कुणी कुणाला काही विचारायचं नाही, 'कसा आहेस' एवढंही नाही, असा नियम आहे, कारण माणूस सवयीने 'बरा आहे' म्हणतो आणि वीतभर छत खाली येतं.

आबा आत असताना खडक मिटला तो अठ्ठावीस हात. लोकांनी जीव लावला रे! म्हातारपणाची सोय म्हणून प्रत्येकाने एखादं खरं पोटात जपून ठेवलेलं असतं, ते सगळ्यांनी आबांसाठी काढलं. सुतारकाकांनी सांगितलं की चाळीस वर्षांत बायकोचं गाणं त्यांना एकदाही आवडलं नाही. चार हात सुटले. (काकू मागेच पाण्याचा तांब्या घेऊन उभ्या होत्या. काका सध्या आमच्याकडे राहतात.) मुकादमाने डोक्यावरचे केस आपले नाहीत असं कबूल केलं. हे अख्ख्या खाणीला ठाऊक होतं, तरी हातभर सुटलं, कारण कुणालाच ठाऊक नाही असं त्याला वाटत होतं. मी सांगितलं की दादाच्या लग्नातले बूट मीच लपवले आणि कुत्र्यावर आळ घेतला. दीड हात. कुत्रा बिचारा हे ऐकायला राहिला नाही.

गेल्या आठवड्यात मोठे साहेब पाहणीला आले. आत भाषण नको म्हणून मुकादम हातापाया पडला, पण साहेब ते साहेब. 'तुम्ही सगळे मला घरच्यासारखे,' एवढंच म्हणाले आणि छत त्यांच्या गुडघ्यापर्यंत आलं. आडवे पडले म्हणून वाचले, पाय धरून बाहेर ओढावं लागलं. सगळे पोट धरधरून हसले, मीही हसलो, आणि हसता हसता आठवलं की आबांवर हेच छत आलं होतं. मग बाहेर जाऊन पुष्कळ रडलो. साहेबांनी अंग झटकून हुकूम दिला, की येत्या सोमवारी भिंत घालून बोगदा बंद करायचा. सात हात उरलेत आणि कुणाच्या पोटात आता काही उरलेलं नाही.

तू विचारलंयस, आबांनी शेवटपर्यंत तुझं नाव काढलं नाही का. त्याबद्दल सवडीने लिहीन. आईचे आशीर्वाद. छोटीचा पापा.

तुझा,
धाकटा

ता. क. तुमच्याकडे कापडाच्या दुकानात माणूस हवा असेल तर कळव. दिवसभर 'हा रंग तुम्हाला खुलून दिसतो' म्हणायचं आणि छत जागच्या जागी, असं काम मला मानवेल.

ता. क. २. सवड झाली. आबांनी तुझं नाव काढलं. 'पुन्हा उंबरा चढू नकोस' म्हणून त्यांनी तुला घालवलं, त्यानंतर वर्षभर नाही काढलं, आणि मग रोज काढायला लागले. परत ये म्हणून चार दिवस खपून त्यांनी तुला पत्र लिहिलं आणि टपालात टाकायला माझ्याकडे दिलं. मी ते टाकलं नाही. तू गेल्यापासून दोन वर्षं मी एकुलता एक होतो आणि मला ते आवडायला लागलं होतं. त्या दिवशी आबा आत खडे वेचत होते, मी तोंडाशी टोपल्या भरत होतो. त्यांना राहवलं नाही. नियम मोडून त्यांनी आतून विचारलं, "दादाला पत्र टाकलंस ना रे?" मी म्हटलं, "टाकलं की." लोक म्हणतात, टेकू सरकला. टेकू सरकला नव्हता, दादा.

ता. क. ३. आबांचं पत्र सोबत ठेवलंय, फोडलेलं नाही. माझं हे खरं मी अजून खडकाला सांगितलेलं नाही. (लिहिल्याने ते खर्च होत नाही, मुकादमाला आडून आडून विचारून घेतलंय.) तीनदा आत जायला निघालो आणि आईला तिथे बसलेली पाहून तीनदा मागे फिरलो. रविवारी सकाळी सांगणार आहे, तिच्यादेखत. सातही हात सुटतील. मला माफ कर असं म्हणत नाही, पण रविवारी ये. माझं ऐकल्यावर बाकीचे माझ्या बरोबरीने हात लावतील की नाही, सांगता येत नाही, आणि आबा अंगाने कसे होते ते तुला ठाऊकच आहे. मला एकट्याला उचलवायचे नाहीत.