मूर्तीवरचं फडकं

प्रिय भिंगरी,

मी इथंच आहे, तुझ्या वॉर्डाबाहेरच्या बाकावर. समोर येऊन सांगायला गेले तर रडू फुटेल, म्हणून लिहून नर्सच्या हाती देते.

सकाळी गावाहून येऊन तुझ्या खोलीचं दार ढकललं, तर मधोमध मूर्ती उभी. मातीला तडे जाऊ नयेत म्हणून डोक्यापासून पायापर्यंत ओल्या फडक्यांत गुंडाळलेली. आणि तिच्या पायाशी तू, बेशुद्ध, ओठ फुटून रक्त आलेलं. मातीला वेळच्या वेळी पाणी दिलंस गं, स्वतःला घोटभरही नाही? मला काही सुचेना. मूर्तीच्या तोंडावरचं फडकं ओढलं आणि तुझ्या कपाळावर ठेवलं.

शुद्धीवर आलीस तेव्हा ‘आई’ म्हणाली नाहीस. ‘माती भिजवलीस का?’ म्हणालीस. डॉक्टर म्हणाले, चार दिवस पोटात अन्नाचा कण नाही. आणि मी काय म्हणाले? ‘हाडाची कलावंत आहे ती, बापावर गेलीय.’ थोरली नर्स फणकारली, ‘हाडाचीच दिसतेय, मांस कुठंय?’ तेव्हा कुठं कळलं, माझ्या आवाजात अभिमान होता, भिंगरी. तू अशी पडलेली असताना.

दुपारी तुझ्या खोलीवर जाऊन आले. मूर्तीच्या ओठापासून गळ्यापर्यंत तडा गेलाय. फडकं परत घालायचं राहिलंच. त्यासाठी हवं तेवढं रागव.

पण त्याहून मोठं सांगायचंय. लहानपणी तुला सांगायचे ना, बाबा कामाला लागले की तहानभूक हरपायची, तीन-तीन दिवस उपाशी राहायचे? ताट बाजूला सारून ऐकायचीस. ते गेल्यावर तर मी आल्यागेल्याला तेच ऐकवलं. मी वाचायला शिकले ती माझी मीच. वाचनालयातल्या पुस्तकांत मोठे कलावंत उपाशीच असायचे. वाटलं, आपल्या माणसालाही ते शोभेल.

खोटं आहे ते, पोरी. त्यांचे हात कोपरापर्यंत मातीत असायचे आणि मी ताट घेऊन शेजारी उभी असायचे. घास तोंडाशी नेला की मूर्तीवरची नजर न हलवता आ करायचे. पाणीसुद्धा मीच पाजायचे. एक वेळ चुकली नाही कधी. गोष्ट सांगताना मी फक्त स्वतःला तिच्यातून काढून टाकलं. तू त्यांच्यासारखी कामाला लागलीस, आणि शेजारी कुणीच नव्हतं.

तुझीच,
आई