टीव्हीत पण आणि टीव्हीच्या वर पण

अंबरनाथ (पूर्व)
११ डिसेंबर २०२४

प्रिय हरिचंद्रदादा,

साष्टांग नमस्कार. वहिनींचे गुडघे कसे आहेत? मी ठणठणीत आहे. सध्या मालिकेत सुनेला छळते आहे. तुम्ही सगळे रोज सात वाजता बघता, असं कळलं.

तुझी नात जिज्ञासा रविवारी स्वतःच्या लग्नाची पत्रिका घेऊन आली. दारातूनच म्हणाली, "मॅम, आजोबांनी पाठवलंय."

"मॅम काय? मी तुझ्या आजोबांची सख्खी बहीण."

पोरगी हसायलाच लागली. "काहीही काय! आजोबांची बहीण तर कॉलेज संपल्या संपल्या गेली. आमच्या हॉलमध्ये फोटो आहे ना, हार घातलेला."

मी कपाटातून त्याच फोटोची दुसरी प्रत काढली. बी.ए. झाले तेव्हा उल्हासनगरच्या स्टुडिओत दोन काढल्या होत्या. तिने फोटो बघितला, मला बघितलं. "शप्पथ, आजी! म्हणजे तुम्ही रोज आमच्या हॉलमध्ये असता. टीव्हीत पण आणि टीव्हीच्या वर पण!"

ती गेल्यावर पाकीट उघडलं. पत्रिकेत मी 'प्रमुख पाहुण्या, सुप्रसिद्ध अभिनेत्री', तेही पडद्यावरच्या नावाने. आत तुझी चिठ्ठी: "अलिबागच्या व्याह्यांना फोटो दाखवून बहीण वारली असं सांगितलं आहे. पुढच्या खुर्चीवर बस, पण नातं बोलू नकोस. पोरीचं लग्न मोडेल." चिठ्ठी उशिरा वाचली म्हणून पोरीला सांगून बसले. आधी वाचली असती तरी सांगितलंच असतं.

दादा, मी नाटक कंपनीबरोबर दौऱ्यावर गेले आणि बाबांनी माझ्या नावाने अंघोळ केली. परत आले तेव्हा तू अंगणात उभा होतास. "बाबांपुढं माझं काय चालतं?" म्हणालास. तेव्हा चालत नसेल. बाबांना जाऊन एकोणीस वर्षं झाली. त्यानंतर दर दिवाळीला तो फोटो कोण पुसतं? हार कोण बदलतं? बदलापूरहून अंबरनाथ एक स्टेशन. तेवढं अंतर कापायला तुला बेचाळीस वर्षं लागली, आणि तेही नातीच्या पायांनी.

आता माझंही ऐक. हे कुणाला सांगितलेलं नाही.

मला कॅमेऱ्यासमोर रडायला ग्लिसरीन लागत नाही. दिग्दर्शक नव्या मुलींना सांगतात, बाईंकडून शिका. काय शिकणार? मी डोळे मिटते आणि तुला तिरडीवर बघते. पहिल्यांदा सुडाने केलं, मग सवय झाली. रिटेक झाला की पुन्हा तिरडी. एका सिनेमात नवरा बुडून मरतो, त्या दिवशी तुला अकरा वेळा मारलं. पुरस्कार मिळाला त्या रडण्याला. तुम्ही मला एकदाच मारलंत. माझा हिशोब मोठा आहे.

दिवाळीनंतर तुझी अँजिओप्लास्टी झाल्याचं उडत उडत कळलं. दुसऱ्या दिवशी सेटवर रडायचा सीन होता. डोळे मिटले आणि तिरडी समोर आणवेना. सगळे खोळंबले. आयुष्यात पहिल्यांदा ग्लिसरीन मागवलं. मेकअपवाला संतोष म्हणाला, "बाई, आज काय झालं?" म्हटलं, "झुरळ गेलं डोळ्यात. तुझं काम कर."

तर आता माझं ठरलेलं ऐक. प्रमुख पाहुणी म्हणून मी येणार नाही. खुर्ची दुसऱ्या कुणाला दे, नगरसेवक पुष्कळ आहेत. मी आदल्या दिवशी हळदीला बदलापूरला, शिरगावच्या आपल्या घरी येणार, सकाळीच. पिवळं लुगडं काढून ठेवलं आहे. त्याआधी फोटो उतरव. नाही उतरवलास तर मी स्टुलावर चढेन, आणि त्रेसष्टाव्या वर्षी पडले तर हार पुन्हा आणावा लागेल.

लग्न मोडणार नाही. तुझी मान चार दिवस खाली जाईल, एवढंच. आणि घाबरलेल्या पोरीची ढाल करू नकोस. ती घाबरलेली नाही, कालपासून तिचे मला सहा मेसेज आले आहेत.

नवऱ्याकडची माणसं उष्टी हळद घेऊन येतील, तेव्हा धवलारीण लग्नाची गाणी गायला बसेल. ती घरातल्या एकेकाचं नाव विचारून गाण्यात घेते. माझं नाव तिला जिज्ञासा सांगणार नाही, वहिनी सांगणार नाहीत, मी तर नाहीच. तू सांगायचं. व्याह्यांच्या देखत, मोठ्याने. गप्प बसलास तर ती पुढच्या नावाकडे जाईल, आणि मी तिथेच, तुझ्यासमोर बसलेली असेन.

अजून न मेलेली,
तुझी धाकटी बहीण
संजीवनी नाथा गायकर